जिथे जिथे गाड्या उभ्या होत्या

त्या वर्षी हिवाळ्यात डोंगरावर बर्फ कमी पडलं आणि जून कोरडा गेला. खालच्या शेतातलं गवत एरवी मांडीला लागतं. ते गुडघ्यापर्यंत आलं आणि तिथेच थांबलं. कापून गठ्ठे बांधले तेव्हा कोठार निम्मंसुद्धा भरलं नाही. हिवाळ्यात गाई काय खाणार, हा प्रश्न होता. त्याला उत्तर एकच होतं, वरचा माळ.

वरचा माळ म्हणजे आमच्या घरामागे डोंगराच्या खांद्यावर पसरलेली सपाट जमीन. तिला कधी नांगर लागलेला नाही. आजोबांनी लावला नाही कारण दगड फार. वडिलांनी लावला नाही कारण त्यांना कंटाळा. मी लावला नाही कारण नॉरीनने मला घरात घेतलं नसतं. तिथे झुबक्याझुबक्याने वाढणारं जुनं गवत आहे. ते जुलैत वाळतं, पण त्यातला कस जात नाही. बर्फ पडल्यावरही त्याचे तुरे वर राहतात आणि गाई नाताळपर्यंत त्यावर तग धरतात. माळ शाबूत असला तर मोंटानातला वाईटातला वाईट उन्हाळाही माणूस काढू शकतो, असं वडील म्हणायचे. त्यांचं हे एक खरं होतं.

नॉरीन, माझी बायको, त्याच माळावर आहे. तीन वर्षांपूर्वी ऑगस्टमध्ये ती गेली. गावच्या दफनभूमीत जायचं नाही असं तिने आधीच सांगून ठेवलं होतं. "तिथे शेजारी कोण येईल याचा नेम नाही," ती म्हणायची. मग सगळं खोरं आपापल्या पिकप घेऊन वर आलं. माळावर गाड्यांची रांग लागली होती. पुढे माझी, तिच्यात नॉरीन. नंतर मी कबरीभोवती खांब रोवून तार मारली, म्हणजे गाई दगडाला पाठ घासायला येणार नाहीत.

पहिल्या उन्हाळ्यात त्या तारेच्या आत, नुसत्या मातीवर, करड्या पानांचे चपटे झुबके आले. दुसऱ्या उन्हाळ्यात ते कमरेएवढे झाले आणि त्यांना फुलं आली. जांभळी, थोडी गुलाबीकडे झुकणारी, झालरीसारखी कातरलेली. मला वाटलं, चर्चमधल्या बायकांपैकी कोणीतरी बी टाकलं असेल. कोणाला विचारलं नाही. विचारलं असतं तर त्यावर बोलावं लागलं असतं.

या कोरड्या वर्षी माळ जूनच्या शेवटीच पिवळा पडला, तरी ती फुलं हिरव्या देठांवर ताठ उभी होती. मी दुधाच्या जुन्या कॅनमध्ये पाणी भरून पिकपमधून वर न्यायचो. घरातल्या झाडांना मी कधी पाणी घातलं नव्हतं. ती सगळी मेली.

जुलैच्या मध्यात असंच पाणी घालत होतो. खालून कुत्रं आलं आणि त्यामागून बर्नाडेट उरुटी. ओढ्यापलीकडची रँच तिची. तिच्या नवऱ्याचे आजोबा बास्क, स्पेनच्या डोंगरातून मेंढ्या राखायला इकडे आलेले, आणि ते घराणं अजून मेंढ्याच राखतं. आमच्या खोऱ्यात गाईवाले आणि मेंढीवाले एकाच चर्चला जातात, पण बाकं वेगळी. बर्नाडेट सत्तरीची आहे. तिच्या हातात काठी होती. ती चुकलेलं कोकरू शोधत होती.

"या बाजूला नाही आलं," मी म्हणालो.

"आलं असतं तर तू सांगितलं असतंस का?" ती म्हणाली आणि तारेपाशी येऊन थांबली. नॉरीनच्या दगडाकडे बघून तिने डोकं किंचित झुकवलं. मग फुलांकडे बघितलं. बराच वेळ बघितलं. "ही कोणी लावली?"

"लावली असतील कोणीतरी. नॉरीनच्या मैत्रिणींपैकी."

"मैत्रीण मी होते. मी नाही लावली."

मी कॅन उपडा केला. पाणी सगळं ओतून झालं होतं.

"हारलन, हे नॅपवीड आहे."

"नॅपवीड मला ठाऊक आहे. नदीच्या रस्त्याला असतं ते तण. काटक्यांसारखं, धुळीने माखलेलं."

"त्याला तू रोज पाणी घातलंस तर तेही असंच दिसेल."

तिने तारेतून हात घालून एक फूल खुडलं. मला राग आला, पण तिने फूल उलटं करून माझ्यासमोर धरलं. पाकळ्यांच्या खाली बोराएवढी गाठ होती. ती खवल्याखवल्यांनी बनलेली, पाइनच्या कोवळ्या फळासारखी. प्रत्येक खवल्याचं टोक काळं होतं. जणू एकेक टोक काजळीत बुडवून काढलं होतं. डोळे बारीक केले तेव्हा त्या काळ्या टोकांना केसांसारखे दातही दिसले. दोन उन्हाळे मी ती फुलं वरून बघत होतो. खालून कधी बघितली नव्हती.

"काळे ठिपके दिसले? हीच खूण. दुसरं काही नाही हे."

"बरं, असेल नॅपवीड. चार झाडं तर आहेत."

"चार?" बर्नाडेट हसली नाही. "उद्या सकाळी ऊन तिरपं असताना वरच्या कड्यावर जा आणि खाली बघ. मग मला हव्या तेवढ्या शिव्या दे."

"तुझं कोकरू इथे नाहीये, बर्नाडेट."

"दिसतंय मला," असं म्हणून ती कुत्र्याला घेऊन उतरली.

दुसऱ्या दिवशी सकाळी मी चढलो. गुडघे आता कुरकुरतात, म्हणून काठी घेतली. कड्यावर पोचेपर्यंत सूर्य पलीकडच्या रांगेवर आला होता. मी वळून खाली बघितलं आणि खाली बसलो.

माळ पिवळा होता आणि त्यावर जांभळ्या रेघा होत्या. घराकडून वर येणाऱ्या गाडीवाटेच्या दोन चाकोऱ्या, आणि दोन्हींच्या कडेने दोन जांभळ्या रेघा, वळणं घेत, अगदी माझ्या चाकांमागे आल्यासारख्या. त्या कबरीपाशी येत होत्या. आणि तिथे कबरीच्या उतरत्या अंगाला एका ओळीत ठिगळं होती. लांबट, सारख्या अंतरावर, एकाशेजारी एक. गाडी जेवढी लांब असते तेवढी लांब. दोन ठिगळांमध्ये दार उघडून माणूस उतरेल एवढी जागा.

ती नॉरीनची मयत होती. जिथे जिथे गाड्या उभ्या होत्या तिथे तिथे फुलं उगवली होती.

मला कोण कुठे होतं ते सांगता येत होतं. कबरीला लागून माझी गाडी. मग मुलीची. मग पाद्रीबाबांची छोटी गाडी, तिचं ठिगळही छोटं. मग डॉइल क्रॅमर, जो कधीच सरळ गाडी लावत नाही, आणि त्याचं ठिगळही तिरकं होतं. टोकाला एकटी, इतरांपासून थोडी दूर, बर्नाडेट. त्या दिवशी माझं कोणाकडे लक्ष नव्हतं. कोण आलं, कोण काय बोललं, काही आठवत नव्हतं. आणि इथे सगळे आपापल्या जागी उभे होते. इतकी माणसं आली होती हे मला तेव्हा कळलं.

किती वेळ बसलो कोणास ठाऊक. भीती वाटली, पण नुसती भीती नव्हती. मोठ्या नदीला पूर येतो तेव्हा माणूस काठावर जाऊन बघत राहतो, आपलीच शेतं जात असली तरी. तसं होतं ते.

उतरून मी एका ठिगळात गुडघ्यांवर बसलो. आधी शेजारच्या चांगल्या गवतात हात घातला. तिथे दोन झुबक्यांच्या मध्ये माती दिसतच नाही. काळपट शेवाळाची साय असते, वाळलेली, पण चिवट. त्यात मुंग्या, कोळ्याची जाळी, गेल्या वर्षीचं कुसळ. मग नॅपवीडच्या मुळाशी हात घातला. तिथे काही नव्हतं. उघडी माती, वर कडक पापडी. मेमध्ये एकच सर आली होती, तिचं पाणी त्या मातीत बोटाएवढे चर पाडून खाली निघून गेलं होतं. गवताच्या बाजूला चर नव्हता. तीच सर, तीच उतरण.

माझ्या आजोबांना या माळाचं काही करता आलं नाही. आम्हा तीन पिढ्यांना नाही. या झाडाने तीन उन्हाळ्यांत तो मोडायला सुरुवात करून टाकली होती, ना हात, ना अवजार.

घरी येऊन पिकपखाली सरकलो. मागच्या स्प्रिंगच्या पाट्यांमध्ये, इंधनाच्या टाकीच्या वर, वाळकी काटकी अडकलेली होती. नदीच्या रस्त्याने सगळेच येतात आणि सगळ्यांच्याच गाड्यांखाली अशा काटक्या असतात. ओढून काढली तेव्हा बोंडातून बी माझ्या गळ्यावर सांडलं. बारीक, करडं, एका टोकाला आखूड केस. शर्ट बाहेर झटकायच्याऐवजी मी चुलीपाशी जाऊन झटकला.

शनिवारी मिझूलाहून मुलगी आली. सिग्नी तिकडे नर्स आहे. मी तिला वर नेलं, चालत. गाडी आता वर न्यायची नव्हती. तिने ठिगळांची ओळ बघितली. मी काही सांगितलं नाही, पण तिला समजलं.

"ही माझी आहे?" दुसऱ्या ठिगळाकडे बोट करून तिने विचारलं.

"हो."

"आणि ही तिरकी डॉइलकाकांची." ती हसली आणि मग डोळे पुसले. "बाबा, औषध मारायचं का?"

"खाली झरा आहे. आपण तेच पाणी पितो. शिवाय तुझ्या आईची पिवळी फुलंही मरतील." मे महिन्यात माळावर सूर्यफुलासारखी रानफुलं येतात. नॉरीन त्यांच्यासाठी वर चढायची.

मग आम्ही उपटायला लागलो. जमीन विटेसारखी झाली होती. देठ ओढला की कट्‌कन तुटायचा आणि मूळ आत राहायचं. पहारीने खणून एक मूळ काढलं. माझ्या कोपरापासून बोटांपर्यंत भरलं, आणि टोक तुटून आतच राहिलं. वर पान करपत असताना ते खाली कुठून पाणी पीत होतं ते तेव्हा कळलं. हातमोजे गरम होतात म्हणून मी काढून टाकले. दुपारी झाडाच्या सावलीत सँडविच खायला बसलो. पहिला घास घेतला आणि थुंकला.

"काय झालं?"

"मांस नासलंय."

"नाही, माझं चांगलं आहे." तिने माझे हात बघितले. "बाबा, जीभ लावून बघा बोटाला."

बोट कडू होतं. असं कडू मी आयुष्यात खाल्लं नव्हतं. घरी साबणाने धुतलं, तरी रात्रीच्या जेवणात होतंच. गाई याला तोंड का लावत नाहीत ते आता मला सांगायची गरज नव्हती.

सिग्नीने रुग्णालयातल्या एका बाईकडून माहिती आणली होती. "एका झाडाला हजारभर बी येतं. आणि ते जमिनीत आठ-आठ वर्षं जिवंत राहतं. हे आलं युरोपातून, कुठल्यातरी चाऱ्याच्या बियांत मिसळून. तिकडे ते इतरांसारखंच एक झाड आहे. गवतात इथे एक, तिथे एक."

"मग इकडे काय झालं त्याला?"

"तिकडे त्याला खाणारे किडे आहेत. मुळाला वेगळे, बोंडाला वेगळे. इकडे त्याला कोणी ओळखतच नव्हतं."

रविवारी संध्याकाळपर्यंत आमचं पाद्रीबाबांचं छोटं ठिगळसुद्धा संपलं नाही. सिग्नीच्या तळहातांना फोड आले होते. ती जायला गाडीत बसली. मी म्हणालो, "बघतो काहीतरी."

ते काहीतरी काय, हे मला माहीत होतं. म्हणूनच त्याचं नाव काढलं नाही. माझ्या घराण्यात कोणी आपल्या जमिनीवर मेंढी चढू दिली नव्हती. आजोबा म्हणायचे, मेंढीने खाल्लेल्या कुरणावर गाय तोंड मुरडते. ते खरं की खोटं हे आमच्यापैकी कोणी तपासलं नाही.

सोमवारी मी ओढा ओलांडून गेलो. बर्नाडेट अंगणात एका मेंढीला पायांत धरून तिचे खूर कापत होती. मी फाटकाबाहेर उभा राहिलो.

"ये की आत. वास चिकटणार नाही."

"बर्नाडेट, तुझ्या मेंढ्या नॅपवीड खातात ना?"

तिने कात्री थांबवली नाही. "खातात."

"गवत सोडून?"

"आत्ता खातात. गवत वाळलंय, ते हिरवं आहे. कळ्या आणि फुलं असेपर्यंत त्या तेच आधी खातात. अजून दोन आठवड्यांनी बी धरेल, मग उपयोग नाही." तिने दुसरा पाय धरला. "पण हे तू का विचारतोयस? गाईवाल्याला काय करायचंय?"

मी टोपी काढली आणि परत घातली.

"म्हण की," ती म्हणाली. "नुसतं फाटकाशी बोलतोयस."

"तुझ्या मेंढ्या माझ्या माळावर आणशील का?"

तिने मेंढी सोडली. कंबर धरून उभी राहिली. "तुझ्या पायांत मोजे कसले आहेत, हारलन?"

"मोजे? लोकरीचे."

"कोणाच्या लोकरीचे?"

मी खाली बुटांकडे बघितलं.

"नॉरीन दर वर्षी माझ्याकडून पोतंभर न्यायची. म्हणायची, त्याला सांगू नकोस, तो अनवाणी फिरेल." बर्नाडेट आता हसली, आणि मलाही हसू आलं. नॉरीनचा शब्द दुसऱ्याच्या तोंडून बऱ्याच दिवसांनी ऐकला होता. मला तो नवा होता.

"आणते," ती म्हणाली. "पण दोन गोष्टी. खाऊन झालं की मेंढ्या आठवडाभर तुझ्याच आवारात कोंडून ठेवायच्या. पोटात बी असलं तर ते तिथेच पडू दे, माझ्याकडे नको. आणि तिची तार काढायची."

"कबरीची नाही."

"हारलन."

"बाकीचा सगळा माळ दे त्यांना. कबरीपाशी मी हाताने करीन."

"जमीन सोडतेय का हाताला? मूळ राहिलं की पुन्हा फुटतं. सगळ्यांत जुनी आणि दाट झाडं तिथेच आहेत, कारण माती तिथेच खणली होती. तू तेवढं राखलंस तर मी आणूच कशाला? वारा तिच्यावरून बी उचलेल आणि दर वर्षी तुझा माळ पेरेल."

मी ओढ्याकडे बघत राहिलो. पाणी दगडांच्या मधून कसंबसं वाहत होतं. नॉरीनवर मेंढ्या चढतील, मुततील, लेंड्या टाकतील. आणि तार ठेवली तर माझ्या माघारी माळ जाईल, गाई जातील, सिग्नीच्या हाती कडू जमीन येईल, आणि मधोमध नॉरीन, जिच्यापासून ते सगळं पसरलं.

"कधी आणतेस?" मी विचारलं.

"परवा पहाटे. उन्हाच्या आत."

मेंढ्या आल्या त्या दिवशी डॉइल क्रॅमर हजर. खोऱ्यात अशी बातमी लपत नाही. मी खालच्या फाटकाशी उभा होतो. त्याने काच खाली केली.

"हारलन, मेंढ्यांचा आवाज येतोय तुझ्या जागेतून. माझे कान बिघडले की तुझं डोकं?"

"गाडी इथेच ठेव. वर चालत जायचं."

"चालत? माझं पोट बघितलंयस का?"

"आधी गाडीखाली बघ. काटक्या असतील त्या काढ आणि त्या पिंपात टाक."

तो हसणार होता, पण माझं तोंड बघून खाली वाकला. बराच वेळ धापा टाकत खालीच होता. वर आला तेव्हा त्याच्या मुठीत काटक्यांचा गुच्छ होता. वर पोचल्यावर मी त्याला कड्याच्या पायथ्याशी नेऊन ओळ दाखवली. त्याने मोजायला सुरुवात केली, आणि तिरक्या ठिगळापाशी बोट थांबलं.

"ती माझी," तो म्हणाला. त्यानंतर त्याने मेंढ्यांबद्दल एक शब्द काढला नाही. पक्कड मागितली.

आम्ही दोघांनी कबरीची तार सोडवली. खिळे निघाले, तार गुंडाळली. खांब त्याने हलवून हलवून उपटले. मी धरायला गेलो तर म्हणाला, "तू बाजूला हो." मग आम्ही बाजूला झालो.

बर्नाडेटने कुत्र्याला शीळ घातली. मेंढ्या पसरत पसरत वर आल्या. एवढी तोंडं एका वेळी चावताना मी कधी जवळून ऐकली नव्हती. जोराचा पाऊस लांबून येताना पानांवर वाजतो, तसा आवाज. त्या गवताला नाक लावायच्या, सोडायच्या, आणि जांभळं दिसलं की मान वाकडी करून, ओठ मागे ओढून, फुलाखालची ती काळ्या ठिपक्यांची गाठ आधी खुडायच्या. मग पानं. मग देठ सोलून. माझ्या तोंडात अजून ती चव होती, आणि या त्याच्यावर तुटून पडल्या होत्या. गाईला जे विष वाटतं, माणूस थुंकतो, ते एका साध्या मेंढीला गोड लागावं, हे कोणी ठरवलं असेल?

एक म्हातारी मेंढी, कानाला जुनी चीर पडलेली, नॉरीनच्या दगडाला अंग घासून पुढे गेली आणि बरोबर मध्ये उभी राहिली. तिने एक झाड धरलं. ते मी पाणी घालून वाढवलेलं होतं. तिने ते वरपासून खालपर्यंत सावकाश संपवलं. डॉइलने टोपी काढली होती. मीही काढली. बर्नाडेट लांब उभी होती, तिने पाठ वळवून घेतली.

पाचव्या दिवशी माळावर जांभळं उरलं नाही. गाड्यांच्या जागा उघड्या पडल्या, करड्या, मेंढ्यांच्या लेंड्यांनी भरलेल्या. मेंढ्या ठरल्याप्रमाणे आठवडाभर माझ्या आवारात होत्या. घरात वास आला. नंतर त्या गेल्या आणि फार शांत झालं.

"मिटलं का?" फाटक लावताना मी बर्नाडेटला विचारलं.

"यंदाचं बी मिटलं. मुळं आत आहेत. आधीचं बी आत आहे. पुढच्या उन्हाळ्यात परत आणते, त्याच्या पुढच्याही."

"किती वर्षं?"

"तुझं वय काय आता?"

"एकाहत्तर."

"मग तुझ्यापुरता विचार करू नकोस," ती म्हणाली.

गाई सप्टेंबरच्या शेवटी वर चढवल्या. गवत होतं. मेंढ्यांनी खाल्लेल्या जागी गाईंनी तोंड मुरडलं नाही. आजोबा हयात असते तर त्यांना दाखवलं असतं. ऑक्टोबरमध्ये दोन दिवस पाऊस लागून राहिला, बारीक, थंड. तिसऱ्या दिवशी सिग्नी आली आणि आम्ही हातमोजे घालून वर गेलो. ठिगळांमध्ये करड्या पानांचे चपटे झुबके परत फुटले होते. जमीन मात्र आता मऊ होती. मी एका झुबक्याखाली बोटं घालून, मूळ मुठीत धरून, सावकाश ओढलं. ते येत राहिलं. कुठेच न तुटता, टोकाच्या केसापर्यंत सगळं बाहेर आलं. सिग्नीने ते हातात घेऊन उजेडाकडे धरलं.

"कुठून सुरू करायचं?" तिने विचारलं.

"त्या टोकाकडून."

दुपारपर्यंत बर्नाडेटची गाडी झाली. संध्याकाळी डॉइलची संपवली, ती तिरकी असल्यामुळे एक कोपरा राहिला होता, तो परत जाऊन काढला. पोती बांधली. अंधारून यायला लागलं होतं, गाई खालच्या बाजूला चरत होत्या, त्यांच्या पाठींवरून वाफ निघत होती. सिग्नी पहिल्या ठिगळाकडे, माझी गाडी तिच्या आईला घेऊन उभी होती त्या जागेकडे, बघत उभी होती.

"ही आईची," ती म्हणाली. "हीसुद्धा आज करायची का?"

"नाही. ती उद्या."

"मी करू?"

"दोघं करू," मी म्हणालो, आणि पोतं खांद्यावर घेतलं.